ईजीआर व्हॉल्व्ह घरी साफ केला, त्याला आठ महिने झाले

साफसफाई केल्या केल्या कुठलीही गाडी सुधारल्यासारखी वाटते, म्हणून मुद्दाम थांबलो होतो. आता आठ महिने आणि सुमारे ९,००० किलोमीटर झाले, तेव्हा लिहितो.

गाडी जुनी, पेट्रोलची, व्हॅक्यूमवर (इंजिनाच्या हवा ओढण्याने तयार होणाऱ्या ओढीवर) चालणाऱ्या ईजीआरची, म्हणजे धुराचा थोडा भाग परत इंजिनात सोडणाऱ्या यंत्रणेची. सिग्नलला थांबलं की इंजिन थरथरायचं, आरपीएमचा काटा ५०० ते ९०० मध्ये नाचायचा, सकाळी तर दोन-तीनदा बंदच पडायचं. वेग घेतला की काही तक्रार नाही. प्लग बदलले, एअर फिल्टर बदलला, गॅरेजमध्ये थ्रॉटल बॉडी साफ करून घेतली; थरथर तशीच.

पळताना नीट आणि उभी असताना वाईट, या फरकाकडे मी आधीच बघायला हवं होतं. ईजीआर एक्झॉस्टचा थोडा वायू परत इनटेकमध्ये, म्हणजे इंजिनात हवा शिरते त्या वाटेत, सोडतो. त्याने ज्वलनाचं तापमान खाली राहतं आणि नायट्रोजनचे ऑक्साइड कमी तयार होतात. पण आयडलिंगला (गाडी उभी, इंजिन चालू) हा व्हॉल्व्ह पूर्ण मिटलेला हवा. जरासा उघडा राहिला, तरी मोजक्या हवेवर तग धरून असलेलं इंजिन गुदमरतं. वेगात तेवढा वायू त्याला सहज पचतो.

व्हॉल्व्ह सापडायला अर्धा तास गेला. एक्झॉस्ट मॅनिफोल्डमधून (इंजिनातला धूर गोळा करणाऱ्या नळ्यांमधून) निघणारी अंगठ्याएवढी धातूची नळी पकडायची आणि ती इनटेककडे कुठे जाते ते बघायचं. माझ्या गाडीत ती मागच्या बाजूला, फायरवॉलजवळ (इंजिन आणि केबिनमधल्या पत्र्याजवळ) वळते. तिथे चपट्या डबीसारखा भाग दिसला, वर बारीक रबरी नळी खोचलेली. हे सगळं इंजिन पूर्ण थंड असतानाच करा, त्या नळीने हात भाजतो.

उघडण्याआधी हाताने चालवायच्या व्हॅक्यूम पंपाने त्या रबरी नळीच्या जागी व्हॅक्यूम देऊन पाहिला. पंपाचा काटा जागेवर थांबला, म्हणजे डायफ्राम (व्हॉल्व्ह उघडणारा आतला लवचिक पडदा) शाबूत. (काही व्हॉल्व्ह एक्झॉस्टचा दाब असल्याशिवाय व्हॅक्यूम धरतच नाहीत, त्यांना ही परीक्षा लावू नका.) मग इंजिन चालू करून परत व्हॅक्यूम दिला, तर ते लगेच बंद पडलं. म्हणजे वायूची वाटही मोकळी होती. काहीच फरक पडला नसता तर वाट तुंबलीय असं समजलो असतो.

दोन बोल्ट. एक सहज सुटला, दुसऱ्यावर गंज सोडवणारा स्प्रे मारून रात्रभर ठेवावं लागलं. घाई करू नका, बोल्ट तुटला तर काम दसपट वाढतं. व्हॉल्व्ह हातात आल्यावर उजेडात धरला, तर सुई (वाट मिटवणारा दांडा) आणि ती जिथे टेकते त्या बैठकीच्या मध्ये नखाएवढी काजळीची खपली अडकलेली. स्प्रिंग तिच्यावर दाब देत होती आणि खपली हटत नव्हती. एवढ्याशा तुकड्यापायी मी प्लग बदलत बसलो होतो!

कार्ब क्लीनर आणि नायलॉनचा ब्रश पुरला. बैठकीवर तारेचा ब्रश फिरवला नाही, ओरखडे पडले की व्हॉल्व्ह मिटत नाही. क्लीनर डायफ्रामवर जाऊ दिला नाही. इनटेकच्या तोंडात फडकं कोंबून आतली काजळी खरवडली; ती कोरडी नव्हती, डांबरासारखी चिकट होती. क्रँककेसमधून (इंजिनाच्या तळातल्या तेलाच्या भागातून) येणारी तेलाची वाफ तिच्यात मिसळते, म्हणून ती वाफ इनटेककडे सोडणारा पीसीव्ही व्हॉल्व्हही तेव्हाच बदलला. गॅसकेट (सांध्यातून वायू निसटू न देणारी पातळ पट्टी) नवीन घातलं. व्हॅक्यूमच्या नळीचं टोक तडकलेलं निघालं, तीही बदलली.

आरपीएमचा काटा त्याच दिवशी ८०० वर स्थिर झाला आणि आजही तिथेच आहे. थंड इंजिन एकदाही बंद पडलेलं नाही. पेट्रोलच्या खपात मात्र मला फरक जाणवला नाही. दुसऱ्या महिन्यात सकाळी टिकटिक आवाज यायला लागला. एक बोल्ट कमी आवळला गेला होता आणि गॅसकेटमधून वायू निसटत होता. टॉर्क रेंचने (ठरावीक जोर मोजून आवळणाऱ्या पान्याने) दोन्ही सारखे आवळल्यावर आवाज गेला. रेंच पहिल्यांदाच वापरायला हवा होता.

पत्र्याची चकती लावून ईजीआर कायमचा बंद करा, असं मला दोघांनी सांगितलं. मी ठाम नकार दिला. तापमान वाढून पेट्रोल इंजिनात नॉकिंग (पेट्रोल वेळेआधी, झटक्याने पेटून होणारी ठकठक) होऊ शकतं, नायट्रोजन ऑक्साइड वाढतात, आणि ते आपल्या मागून चालणाऱ्यांच्या छातीत जातात.

सहाव्या महिन्यात व्हॉल्व्ह पुन्हा काढून पाहिला. सुईवर पातळ, कोरडी काजळी होती, बोटाने पुसली गेली. आता दर दुसऱ्या ऑइल बदलाला काढून बघणार आहे.