‘कोर्टाची ऑर्डर हातात आहे’ म्हणत 11 लाख 75 हजार लाटले

नव्या वैद्यकीय महाविद्यालयांच्या मान्यतेचे वाद कोर्टात गेले की दलालांचा हंगाम सुरू होतो. ‘मान्यता आज-उद्या येणार, सीट आत्ताच धरा’ असे संदेश पालकांच्या ग्रुपवर पुन्हा फिरू लागले आहेत, म्हणून 2017 साली लातुरात आमची झालेली लूट लाज बाजूला ठेवून लिहीत आहे.

त्या वर्षी केंद्र सरकारने त्रुटींवर बोट ठेवून तीसहून अधिक खासगी महाविद्यालयांचे प्रवेश दोन वर्षांसाठी रोखले होते. त्यांतील काहींच्या याचिकांवर सर्वोच्च न्यायालयाने 1 ऑगस्टला सरकारला दहा दिवसांत फेरविचार करण्यास सांगितले. मुलीला नीटमध्ये 312 गुण होते, सरकारी जागेची आशा नव्हती, आणि नेमक्या त्याच आठवड्यात एका ‘ॲडमिशन कन्सल्टंट’ने परराज्यातील अशाच एका महाविद्यालयातील जागा आपल्या हातात असल्याचे सांगितले.

त्याने टेबलावर त्या आदेशाची झेरॉक्स ठेवली. फक्त पहिले आणि शेवटचे पान, शेवटच्या पानावरील चार ओळी पिवळ्या रंगाने रंगवलेल्या. मी ‘परवानगीचे पत्र कुठे आहे?’ असे विचारल्यावर तो हसला आणि ‘कोर्टापुढे मंत्रालय काय करणार, साहेब?’ म्हणाला. तो क्षण आजही डोक्यातून जात नाही. फेरविचाराचा आदेश म्हणजे प्रवेशाची परवानगी नव्हे, हे त्याला पक्के ठाऊक होते. पण ज्या महाविद्यालयांना न्यायालयानेच नेमलेल्या देखरेख समितीने 2016 मध्ये सशर्त होकार दिला होता, त्यांनाच महाविद्यालयांची तपासणी करणारी तेव्हाची भारतीय वैद्यक परिषद वर्षभरात नापास ठरवत होती, तेव्हा खरे कोणाचे मानायचे हे सामान्य पालकाने कसे ठरवावे? शिवाय 31 ऑगस्टला प्रवेश बंद होणार, ही टांगती तलवार होतीच.

‘फाइल चार्ज’ म्हणून 1,25,000 रुपये रोख, ‘मॅनेजमेंट कोट्या’साठी 7,50,000 रोख आणि 3,00,000 त्याच्या फर्मच्या खात्यावर आरटीजीएसने. रोखीची पावती कधीच मिळाली नाही. पैसे संस्थेच्या खात्यावर न जाता कोणा ‘कन्सल्टन्सी’च्या खात्यावर जात असतील, तर तेथूनच माघारी फिरा.

सरकारने मान्यता पुन्हा नाकारली आणि त्याचा फोन बंद झाला. महाविद्यालयाने तर अशा माणसाला ओळखतच नसल्याचे लिहून दिले.

पुढचा छळ सरकारी होता. ठाण्यात सांगण्यात आले, ‘हा दिवाणी मामला आहे, आणि डोनेशन देणारे तुम्हीच, गुन्हा तुमच्यावरही येईल.’ म्हणजे लुटलेल्यालाच दम! आर्थिक गुन्हे शाखेच्या मते रक्कम लहान होती. परराज्यातील पोलिसांच्या मते पैसे लातुरात दिले, तर तक्रारही लातुरातच करायची. माहिती अधिकारात विचारले, तर दिल्लीच्या एका कार्यालयाने अर्ज कलम 6(3) खाली दुसऱ्याकडे ढकलला आणि दुसऱ्याने ‘प्रवेश हा राज्याचा विषय’ असे दोन ओळींत कळवले. राज्यातील कार्यालयाचे उत्तर होते की महाविद्यालय आपल्या राज्यातले नाही. कागदावर प्रत्येकाचे बरोबर, आणि दलाल मोकळा.

कोणी कोर्टाची स्थगिती किंवा आदेश दाखवला, तर संपूर्ण आदेश न्यायालयाच्या संकेतस्थळावरून स्वतः उतरवून वकिलाकडून वाचून घ्या. मान्यतेची यादी त्या शैक्षणिक वर्षाचीच पाहा. गेल्या वर्षीच्या पत्राला अर्थ नाही. कॅपबाहेरची, म्हणजे सरकारी केंद्रीय प्रवेशप्रक्रियेबाहेरची, एमबीबीएसची जागा तर कोणी फुकट देऊ केली तरी घेऊ नका: 2017 सालीच उत्तर प्रदेशातील एका महाविद्यालयाने परस्पर 132 प्रवेश दिले, तो वाद 2021 पर्यंत सर्वोच्च न्यायालयात रेंगाळला, संस्थेला 5 कोटी रुपये भरावे लागले आणि मुलांच्या वाट्याला शिक्षणानंतर दोन वर्षांची समाजसेवा आली. ती मुले निदान वाचली. सगळ्यांच्या बाबतीत न्यायालय इतके उदार होईलच असे नाही.

बँकेतून गेलेल्या 3,00,000 रुपयांपुरताच आमचा अर्ज आज जिवंत आहे. उरलेले 8,75,000 रुपये दिलेच कशावरून, असे तपास अधिकारी विचारतात.