मेक्सिको सिटीतली संध्याकाळची टाको फेरी: भाकरी खाणाऱ्यांनी घ्यावी का?

घ्यावी, पण उतरल्या दिवशी नको, आणि पैसे भरण्याआधी चार प्रश्न विचारून. टेक्सासकडे मुलांकडे जाणाऱ्या सोलापूरकरांना मेक्सिको सिटी चार दिवसांत जोडून घेता येते, कारण अमेरिकेचा चालू व्हिसा असला की मेक्सिकोचा वेगळा काढावा लागत नाही. तिथे हॉटेलच्या काउंटरवर जी वस्तू सगळ्यात आधी पुढे सरकवली जाते ती हीच टाकोची, म्हणजे मक्याच्या छोट्या भाकरीत मांस घालून देतात त्या घासांची, फेरी: तीन-चार तास, सहा ते आठ थांबे, आठ-दहा जणांचा गट, इंग्रजी बोलणारा वाटाड्या, माणशी ६० ते ९० डॉलर. आपले पाच ते आठ हजार रुपये.

आता हिशेब मांडू. रस्त्यावर एक टाको साधारण २० ते ३० पेसोला मिळतो आणि पेसो चार-पाच रुपयांचा. आठ टाको, दोन सरबतं आणि शेवटी काहीतरी गोड, असं तडस लागेपर्यंत खाल्लं तरी ३०० ते ३५० पेसो होतात, म्हणजे दीड हजाराच्या आसपास. उरलेले पैसे वाटाड्याचे. म्हणून या फेरीत पारखायचा तो वाटाड्या. गाड्यांचे पत्ते फोनवर फुकट मिळतात.

वाटाड्या पारखायचा सोपा मार्ग भाकरीवाल्यांच्या हातात आहे. त्याला मांसाबद्दल विचारू नका, तोर्तियाबद्दल, म्हणजे टाकोच्या त्या मक्याच्या भाकरीबद्दल विचारा. ज्वारीच्या पिठाला अंगचा चिकटपणा नसतो, म्हणून आपण आधणाचं पाणी घालून ते रगडतो. तरीही पीठ जुनं असलं की विरी जाते आणि मंगळवेढ्याच्या मालदांडीची भाकरीसुद्धा थापताना कडेने चिरते. मक्यातही ग्लूटेन नाही. मेक्सिकोने त्यावर तोडगा काढला तो चुन्याचा. १ किलो वाळलेला मका, १० ग्रॅमच्या आसपास खायचा चुना आणि अडीच-तीन लिटर पाणी. मंद आचेवर अर्धा-पाऊण तास, मग रात्रभर तसाच झाकून ठेवायचा. सकाळी पाणी पिवळं झालेलं असतं आणि दाण्याची साल बोटांनी चोळली की सुटते. हा निश्तामाल. तो धुऊन ओलाच दगडी जात्यात दळतात आणि त्या ओल्या पिठाला मासा म्हणतात. नाव ऐकून शाकाहारी मंडळींनी दचकू नये, माशाचा काही संबंध नाही. चुन्यामुळे पिठाला बांधणी येते आणि मक्यातलं बी-३ जीवनसत्त्व अंगी लागतं. मका युरोपात गेला, ही रीत मागेच राहिली, आणि मक्यावरच जगणाऱ्या उत्तर इटलीतल्या गरिबांत पेलाग्रा, म्हणजे याच जीवनसत्त्वाच्या कमतरतेचा रोग, पसरला.

चांगल्या माशाची तोर्तिया तव्यावर, म्हणजे कोमालवर, दुसऱ्यांदा उलटली की भाकरीसारखी फुगते, पदर सुटतो, आणि घडी घातली तरी मोडत नाही. पाकिटातलं कोरडं पीठ भिजवून केलेली तोर्तिया रस लागला की बोटांत तुटते. बहुतेक टाकोवाले तोर्तिया स्वतः करत नाहीत, यंत्रावरच्या तयार तोर्तिया किलोने विकत घेतात. त्यात कमीपणा नाही, पण ते पीठ निश्तामालचं की पाकिटाचं, हे वाटाड्याला सांगता आलं पाहिजे. ‘ऑथेंटिक, ऑथेंटिक’ म्हणत त्याने विषय बदलला, तर तुमचे डॉलर कुठे चाललेत ते कळलंच. आमची या फेऱ्यांबद्दलची मोठी तक्रार हीच: सगळं कौतुक मांसाचं आणि तोर्तिया जणू कागदी द्रोण. तोर्तिया तयार करणारी गिरणी किंवा कोमालवर हाताने करणारी बाई, यांतलं एक तरी ज्या फेरीत असेल तिला पाच डॉलर जास्त द्यावेत.

संध्याकाळचा राजा म्हणजे आल पास्तोर. लेबनॉनहून आलेल्या लोकांच्या शावर्म्याचं हे मेक्सिकन रूप. डुकराच्या मांसाचे पातळ काप ग्वाहियो मिरची, व्हिनेगर आणि शेंदरीच्या बियांच्या लाल वाटणात मुरवून उभ्या सळईवर रचतात आणि बाजूने जाळ देतात. या लाल ढिगाला भोवरा म्हणतात, त्रोम्पो. वरची कड करपली की तेवढीच सोलायची, आतलं पुन्हा भाजू द्यायचं, हे तंत्र. फेरी पाचला निघाली तर त्रोम्पो नुकताच लावलेला असतो, कड धरलेली नसते. मग टाकोवाला अर्धकच्चे काप तव्यावर परतून देतो, आणि तुम्ही जे खाता ते साधं परतलेलं मांस. सात-साडेसातनंतर निघणारी फेरीच घ्या. काप सळईवरून थेट तोर्तियात पडताना दिसले पाहिजेत, वर अननसाची चकती. नार्वार्ते भागात एल विल्सितो म्हणून एक ठिकाण आहे, दिवसा गाड्यांचं गॅरेज आणि रात्री टाकोचं दुकान. बऱ्याच फेऱ्या तिथे नेतात. गर्दीमुळे तिथला त्रोम्पो सतत सोलला जातो, त्यामुळे काप ताजे मिळतात.

सान राफाएल भागातल्या एल कालिफा दे लेओन या टाकोच्या दुकानाचं नावही कानावर येईल. १९६८ पासूनची ही चिमुकली जागा, २०२४ मध्ये तिला खाण्याच्या जागांना मानांकन देणाऱ्या मिशेलिनचा तारा मिळाला. तिथला नावाजलेला टाको गोमांसाचा आणि रांग लांब. फेरीतला पाऊण तास रांगेत घालवण्यापेक्षा दुपारी स्वतः जावं.

गोमांस न खाणाऱ्यांनी पुढचं नीट वाचा, कारण गोंधळ इथेच होतो. सुआदेरो हे गाईच्या पोटाकडचं मांस. मध्ये फुगीर आणि कडेने खोलगट अशा मोठ्या गोल पातेल्यात ते चरबीत तासन्‌तास शिजतं. त्याच चरबीत शेजारी डुकराचे सॉसेज, आतडी वगैरे शिजत असतात, आणि सगळं एकाच लाकडी ठोकळ्यावर एकाच सुऱ्याने तुकडे होतं. म्हणजे डुकराचा टाको मागितला तरी गाईचा अंश येणार, आणि उलटही. ‘सिन रेस’, म्हणजे गोमांस नको, एवढं म्हणून भागत नाही. अशा पातेल्यावरचं काहीच घेऊ नये. पास्तोरची सळई वेगळी असते, त्यामुळे गोमांस टाळणाऱ्यांना ती त्यातल्या त्यात सोपी. डुक्कर आणि गाय दोन्ही न खाणाऱ्यांना या फेरीत खायला फारच थोडं उरतं, आणि ते बुकिंगच्या वेळीच लिहून कळवायला हवं, पहिल्या थांब्यावर नव्हे.

शाकाहाऱ्यांसाठी आमचं मत स्पष्ट आहे: संध्याकाळची सोडा, सकाळची बाजारफेरी घ्या. रात्र मांसाची. बाजारात सकाळी-दुपारी निळ्या मक्याचे लांबट त्लाकोयो मिळतात, पोटात घेवड्याचं किंवा बाकल्याचं सारण आणि वर निवडुंगाच्या कोवळ्या पानांची भाजी. चवीला आपल्या धपाट्याच्या गावचे, फक्त मसाला कमी. भोपळ्याच्या फुलांची केसादिया, म्हणजे सारण घालून दुमडलेली तोर्तिया, मिळते, मक्याच्या कणसावर वाढणाऱ्या काळ्या बुरशीची, म्हणजे वित्लाकोचेची, सुद्धा. मेक्सिको सिटीत केसादियात चीज आपोआप येत नाही, ‘कॉन केसो’ म्हणावं लागतं. हे ऐकून बाकीच्या मेक्सिकोतली माणसंही डोक्याला हात लावतात.

शाकाहाराचा खरा शत्रू म्हणजे मांतेका, डुकराची चरबी. घोटलेल्या घेवड्यात ती असते, पानात गुंडाळून वाफवलेल्या तामालच्या पिठात असते, गव्हाच्या तोर्तियातही बऱ्याचदा असते. मांतेकिया म्हणजे लोणी आणि मांतेका म्हणजे चरबी. एका अक्षराच्या घोळात उपास मोडतो. ‘सिन कार्ने’ म्हटलं तर कोंबडी किंवा हॅम येऊ शकतं, कारण रस्त्यावर ‘कार्ने’ म्हणजे मुख्यतः लाल मांस. म्हणून सगळं मोजून सांगायचं: नी कार्ने, नी पोयो, नी पेस्कादो, सिन मांतेका, म्हणजे मांस नको, कोंबडी नको, मासा नको, चरबी नको. रात्री हाती लागतं ते एस्कितेस, पेल्यातले उकडलेले मक्याचे दाणे, वर लिंबू, तिखट आणि चीज. हुरडा खाणाऱ्याला ते लगेच आवडतात. वर मेयोनेज असतं आणि त्यात अंडं, ते आधीच नको म्हणा.

तिखटाचा विषय सोलापुरात अभिमानाचा आहे म्हणून जपून लिहितो. गाडीवर तीन-चार सालसा मांडलेल्या असतात. आपलं तिखट तेलात परतलेलं असतं, हे बरेचदा कच्चं किंवा नुसतं भाजलेलं. त्यामुळे कमी प्रमाणातही ते लगेच आणि घशाच्या वरच्या बाजूला लागतं. कांद्याबरोबर ठेवलेली हाबानेरो मिरची तिखटपणाच्या स्कोव्हिल मापावर १ लाख ते साडेतीन लाख भरते; हालापेन्यो अडीच ते आठ हजार. फसवते ती पातळ हिरवी चटणी: ॲव्होकॅडोची दिसते, पण बऱ्याच ठिकाणी ती कोवळ्या भोपळ्याची आणि हिरव्या मिरचीची असते. आधी टाकोच्या टोकावर दोन थेंब, मग पुढचं.

आणि दिसली की सोडू नये अशी चटणी म्हणजे सालसा माचा, व्हेराक्रूसकडची. सुक्या लाल मिरच्या, लसूण, शेंगा आणि तीळ तेलात तळून भरड वाटलेल्या. आपल्या शेंगा चटणीची ही तेलात बुडालेली बहीण. आपली उखळात कुटून तेल सुटेपर्यंत कोरडी ठेवतात, तिची मिरची धुरकट आणि किंचित गोडसर. शेंगांना तिथे काकाउआते म्हणतात. नाउआत्ल या तिथल्या जुन्या भाषेतलं मूळ नाव त्लालकाकाउआत्ल, म्हणजे जमिनीतला कोको. आपण भुईमूग म्हणतो, जमिनीतला मूग. जे पीक दोन्हीकडे मातीतून उपटावं लागतं, त्याचं नावही दोन्हीकडे मातीवरून पडलं.

वेळेचं बघा. शहर २,२४० मीटरवर आहे आणि सोलापूर साडेचारशेच्या आसपास. पहिल्या दिवशी जिना चढतानाही दम लागतो, बिअर लवकर चढते आणि जेवण जड वाटतं. थेट भारतातून आलात तर तिथले संध्याकाळचे ७ म्हणजे सोलापुरातले दुसऱ्या दिवशीचे सकाळचे साडेसहा. चहाच्या वेळेला पोटात सुआदेरो गेला की काय होतं ते वेगळं सांगायला नको. टेक्सासमार्गे येणाऱ्यांना वेळेचा त्रास नाही, उंचीचा आहे. मे ते ऑक्टोबर पाऊस बहुधा दुपारनंतरच गाठतो. भर पावसात फेरी बंद झाली तर पैसे परत मिळतात की नुसती तारीख बदलून मिळते, हे आधी लेखी घ्या.

नळाचं पाणी पिऊ नका. तिथली माणसंही २० लिटरच्या जारचंच पितात. ताटलीवर प्लॅस्टिकची पिशवी चढवलेली दिसली तर नाक मुरडू नका, ताटली धुवायला पाणी नसतं म्हणून ती स्वच्छतेची सोय आहे. बघायचं ते गिऱ्हाइकांची वर्दळ, तापलेला तवा, आणि पैसे घेणारा हात टाको देणाऱ्या हातापासून वेगळा आहे का. सरबतांत जास्वंदीच्या जातीतल्या लाल बोंडांचं, म्हणजे हामाइका, आणि चिंचेचं उत्तम. फेरीत पुल्के असेल तर घोटभर घ्या. घायपाताच्या जातीतल्या झाडाचा आंबवलेला रस तो, शिंदीशी ओळख असलेल्याला त्याचा आंबूस वास नवा नाही. मात्र बुळबुळीतपणा नवा असतो.

गाडीवर खाण्याचा शिष्टाचार साधा आहे: आधी खायचं, शेवटी किती खाल्ले ते स्वतः सांगून पैसे द्यायचे. ‘कॉन तोदो’ म्हणजे कांदा-कोथिंबीर घालून, ‘कॉन कोपिया’ म्हणजे खाली दुसरी तोर्तिया. रसाळ मांसाला कोपिया लागतेच. पहिल्या दोन थांब्यांवर एकेकच टाको खा. लोक हमखास चुकतात ते इथेच. चौथ्या थांब्याला पोट भरतं आणि पुढचे तीन नुसते बघायचे राहतात. वाटाड्याला १० ते १५ टक्के बक्षिसी रोख पेसोत द्यायची, डॉलरच्या नोटा त्याला मोडाव्या लागतात.

रात्री कुठूनतरी कर्कश, लांबलचक शिट्टी ऐकू आली तर गट थांबवा. ती कामोतेवाल्याची गाडी: लाकडं पेटवलेली लोखंडी भट्टी चाकांवर, आत रताळी आणि केळी, आणि वाफ सोडली की ती किंचाळते. गाडी फिरती असल्यामुळे ती कुठल्याही फेरीच्या थांब्यांत नसते आणि बहुतेक वाटाडे हात हलवून पुढे जातात. रताळं मधोमध उभं चिरून वर आटवलेलं गोड दूध ओततात. सुटे पेसो हातात तयार ठेवा, तो फार वेळ थांबत नाही.