केळीच्या बागेत कोणता कॅमेरा न्यावा: १६ मिमी फिल्म की डिजिटल?

जळगाव जिल्ह्यातल्या रावेर-यावलच्या केळीबागांवर प्रयोगशील माहितीपट करायचा, तर हा प्रश्न आधी सोडवावा लागतो.

१०० फुटी रीळ सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने पावणेतीन मिनिटांत संपतं. चावी भरून चालणाऱ्या बोलेक्स कॅमेऱ्यावर एक शॉट जेमतेम अर्ध्या मिनिटाचा. त्यामुळे आधी नीट बघावं लागतं, मगच बटण दाबलं जातं. घड खांद्यावर घेतलेला मजूर, पानांआडून येणारं ऊन. फिल्मवर त्या उन्हाचा पांढरा झोत हळूच विरतो, डिजिटलवर पटकन जळतो. शिवाय रीळ हाताने धुता (म्हणजे डेव्हलप करता) येतं, खरवडता येतं, रंगवताही येतं. चित्रकाराला यापेक्षा मोठं सुख नाही! मे महिन्यात मात्र पारा ४५ अंशांवर गेला, की रिळं थंड पेटीत जपावी लागतात.

फिल्म महाग, यात वाद नाही.

डिजिटल खरं जिंकतं ते बोलीपाशी. ओट्यावरची आजी लेवा बोलीत तासभर रंगून बोलत असताना रीळ संपलं म्हणून तिला थांबवणं मला पटत नाही. चावीचा कॅमेरा घरघरतो, आवाजही वेगळा घ्यावा लागतो. म्हणून माणसं मी डिजिटलवर घेईन आणि मोजकी रिळं बागेसाठी राखेन.