भोकाभोकात सुई घालून औषध भरलं तेव्हा कुठं भुगा थांबला

सांगलीत गावभागात आमचा जुना वाडा आहे, वरचा मजला सगळा लाकडी, सागाच्या तुळया आणि त्यावर फळ्या. २०१९ च्या पुरात आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांच्या वर गेलं तेव्हा आमच्या खालच्या सोप्यात छातीएवढं पाणी होतं, २०२१ ला परत आलं. त्यात कुजलेली लाकडं आम्ही घाईघाईत बदलून घेतली आणि घोळ तिथंच झाला, हे ज्या पेस्ट कंट्रोलवाल्यांसाठी हा रिव्ह्यू लिहितेय त्यांच्या माणसानं दाखवलं तेव्हा कळलं.

दोन वर्षं माजघरातल्या फडताळावर रोज सकाळी भुगा पडलेला असायचा, मैद्यासारखा बारीक. सासूबाई रोज झाडून काढायच्या, दुसऱ्या दिवशी परत तेवढाच. आधी एक दुसरा पेस्ट कंट्रोलवाला बोलावला होता, तो वाळवी आहे म्हणाला, वीस मिनिटांत पंपाने सगळीकडं फवारा मारला, चार हजार घेतले आणि गेला, महिनाभरात भुगा परत सुरू. सासूबाईंचा जीव त्या घरात अडकलाय, त्यांना रडताना बघून मला फार वाईट वाटलं.

मग ह्या पेस्ट कंट्रोलवाल्यांना फोन केला. आलेल्या दादांनी पंप गाडीतच ठेवला, आधी तासभर नुसतं बघितलं. टॉर्च, स्क्रू ड्रायव्हर आणि एक छोटी हातोडी. तुळईवर ठोकत गेले, चांगल्या जागी खणखण आवाज आणि पोखरलेल्या जागी बद्द. म्हणाले, वाळवी असती तर मातीच्या नळ्या दिसल्या असत्या, ही भोकं बघा, टाचणीच्या डोक्याएवढी गोल, हा भुंगा आहे ताई. भोक पडतं ते भुंगा बाहेर निघताना, खरं लाकूड खाते ती आतली अळी, म्हणून वरून कितीही फवारा मारला तरी ती आत सुरक्षितच राहते. इतकं साधं कारण, पण पहिल्यानं ते सांगितलंच नव्हतं!

आणि भोकं कुठं होती? जुन्या सागाच्या गाभ्यात एकही नाही. पुरानंतर बसवलेल्या आंब्याच्या पट्ट्यांत आणि नव्या सागाच्या पांढऱ्या भागात. त्या पांढऱ्या लाकडात पिठासारखं सत्त्व असतं, अळी तेच खाते. सुतारानं स्वस्तात दिली म्हणून घेतलेली लाकडं.

काम दोन दिवस चाललं. आधी प्रत्येक भोकाभोवती खडूने गोल केला, मग इंजेक्शनच्या सुईने आत औषध सोडलं, दुसऱ्या भोकातून बाहेर येईपर्यंत, आणि मेणाने बुजवलं. मी मोजत होते, एका तुळईतच ७० च्या वर भोकं निघाली आणि त्यांनी एकही सोडलं नाही. नंतर उघड्या लाकडाला बोरॅक्स आणि बोरिक ॲसिडच्या पाण्याचे ब्रशने दोन हात मारले. रंगावर हे पाणी आत मुरत नाही म्हणून जिथं ऑईल पेंट होता तिथं खरवडायला लावला, आणि पावसाचं पाणी लागतं तिथं नुसतं बोरॅक्स वाहून जातं म्हणून गॅलरीच्या खांबांना वरून पॉलिश करून घ्या म्हणाले. पॉलिशने लाकडाची छिद्रं बंद झाली की भुंग्याला अंडी घालायला जागाच राहत नाही.

तक्रार एकच आहे. औषधाचा वास संध्याकाळपर्यंत जाईल असं सांगितलं आणि तो तीन दिवस गेला नाही. घरात सहा महिन्यांचं बाळ, मला त्याला घेऊन विश्रामबागला नणंदेकडं राहावं लागलं. हे आधी सांगायलाच पाहिजे होतं, म्हणून एक स्टार कमी दिलाय. बिल १४ हजार झालं, कमी नाही, पण तुळई बदलायची म्हटली तर लाकडालाच याच्या कितीतरी पट लागतात.

जाताना तुळयांखाली काळा कार्डपेपर ठेवून गेले, त्यावर भुगा पडला तर लगेच कळावं म्हणून. ऑगस्टमध्ये एका ठिकाणी चिमूटभर पडला, फोन केल्यावर चौथ्या दिवशी आले, सुईने परत भरलं, पैसे घेतले नाहीत. तेव्हापासून कागद कोरा आहे. सासूबाई अजून रोज सकाळी उठल्या उठल्या आधी तोच बघतात.

देवघरावरची एक तुळई अजून राहिलीय, तिला रंगाचे चार थर आहेत. ती खरवडून झाली की मे महिन्यात लाकूड कोरडं असताना ह्यांनाच बोलावणार आहे.