जुन्या घरात टीव्ही स्टिक आणि वायफाय: पावसाळ्यापासून उन्हाळ्यापर्यंतचा अनुभव

पावसाळ्याच्या तोंडावर लावलेली टीव्ही स्टिक (टीव्हीत खोचून नेटवरचे कार्यक्रम दाखवणारी छोटी कांडी) उन्हाळा लागला तरी रोज चालू आहे, तेव्हा आता सविस्तर लिहायला हरकत नाही. स्टिक चांगली आहे. फुल एचडी चित्र स्वच्छ दिसतं, रिमोट हातात नीट बसतो, मराठी मालिकेचं नाव बोललं तर बहुतेक वेळा बरोबर सापडतं. कंपनीचं नाव घेत नाही, कारण पुढे जे सांगतोय ते कुठल्याही कंपनीच्या स्टिकला लागू पडतं. चित्र अडकणार की नाही हे ठरतं राउटर आणि टीव्हीच्या मधल्या भिंतींवर. दुकानात त्याबद्दल कोणी चकार शब्द काढत नाही. तिथे बोलणं फक्त रॅम, ४के आणि ऑफरचं.

आमचं घर बडोद्यात, दांडिया बाजारात, आजोबांच्या काळातलं. चुना-विटांच्या जाडजूड भिंती, मधे चौक, वरचा मजला लाकडी तुळयांवर. नेटची वायर खांबावरून वरच्या गॅलरीत आली, म्हणून फायबरचा डबा आणि राउटर तिथेच बसवून दिला गेला. टीव्ही मात्र खाली माजघरात, कारण आजीला आता जिना चढवत नाही. मधे दोन भिंती, एक मजला आणि वाटेतच उभं असलेलं लोखंडी कपाट. प्लॅन १०० एमबीपीएसचा. गॅलरीत फोनवर ९०च्या वर स्पीड दिसायचा आणि तोच फोन माजघरात आणला की चार-पाचवर यायचा. ज्यांची घरं रावपुऱ्यात, सलाटवाड्यात किंवा मांडवीच्या आसपासच्या जुन्या पोळांमध्ये, म्हणजे दाटीच्या गल्ल्यांत आहेत, त्यांना हे चित्र ओळखीचं वाटेल.

स्टिक एचडीएमआयमध्ये घातली की ती आधी नेटवर्क विचारते. आमच्या राउटरची दोन नावं दिसायची, एक साधं आणि एक शेवटी ‘५जी’ लावलेलं. हे मोबाइलचं ५जी नव्हे, वायफायच्या लहरींचा ५ गिगाहर्ट्झचा पट्टा आहे, एवढं लक्षात ठेवा. दुसरा पट्टा २.४ गिगाहर्ट्झचा. ५ चा पट्टा वेगवान, पण भिंत आडवी आली की लवकर दम टाकतो, २.४ हळू, पण भिंतीपलीकडे जास्त पोचतो. स्टिक ५ वर पासवर्ड स्वीकारायची, ‘कनेक्टेड’ दाखवायची आणि पाच मिनिटांत ‘इंटरनेट नाही’ म्हणायची. सिग्नल इतका काठावर होता की जोडणी व्हायची पण टिकायची नाही. असं झालं की लोक स्टिकला नावं ठेवून परत करतात. परत करण्याआधी एक तपासणी करा: स्टिक राउटरच्याच खोलीतल्या टीव्हीला किंवा मॉनिटरला लावून बघा. तिथे तासभर सुरळीत चालली तर दोष स्टिकमध्ये नाही.

पासवर्डबद्दलही सांगतो, कारण ज्येष्ठ माणसं इथेच हात टेकतात. रिमोटच्या बाणांनी पडद्यावरच्या कीबोर्डवर एकेक अक्षर निवडायचं, त्यात मोठी अक्षरं, मधेच अॅट, मधेच हॅश. बाबा चष्मा कपाळावर चढवून कागदावरून एकेक अक्षर वाचून दाखवत होते आणि मी निवडत होतो. मोठ्या अक्षराचं बटण सोडायचं राहिलं की पुन्हा पहिल्यापासून. आता पासवर्ड चांगला लांब ठेवलाय, पण सगळी छोटी अक्षरं, पाच-सहा असंबद्ध शब्द एकापुढे एक. लांबीमुळे तो भक्कम राहतो आणि रिमोटने टाकताना जीव जात नाही. स्टिकचं मोबाइल अॅप असेल तर त्यातला कीबोर्ड वापरा, अर्ध्या मिनिटाचं काम आहे.

मग स्टिक २.४ वर टाकली. दिवसा उत्तम, संध्याकाळी सात वाजले की चाक फिरायला लागायचं. नेमकी आजीच्या मालिकांची वेळ. फोनवर वायफायचा आलेख दाखवणारं एक अॅप घेतलं तेव्हा कारण डोळ्यांसमोर आलं: आमच्या गल्लीतली बहुतेक सगळी घरं वायफायच्या चॅनेल ६ वर, म्हणजे पट्ट्यातल्या एकाच मार्गिकेवर, एकमेकांच्या अंगावर बसली होती. २.४ च्या पट्ट्यात एकमेकांत न मिसळणारी चॅनेलं तीनच, १, ६ आणि ११. राउटर ‘ऑटो’वर असला तरी बरेच राउटर फक्त सुरू होताना चॅनेल निवडतात, नंतर बदलत नाहीत. मी ११ पक्कं केलं आणि चॅनेलची रुंदी ४० वरून २० मेगाहर्ट्झवर आणली. रुंदी कमी केल्यावर स्पीड कागदावर घटतो, पण गर्दीच्या वस्तीत चित्र स्थिर राहतं आणि आपल्याला हवं असतं ते तेच. फरक त्याच संध्याकाळी दिसला.

एक अडचण तरीही राहिली. स्वयंपाकघरात मायक्रोवेव्ह चालू झाला की माजघरात चित्र थिजायचं. मायक्रोवेव्ह साधारण २.४५ गिगाहर्ट्झवर चालतो, म्हणजे या पट्ट्याच्या बरोब्बर मध्यावर, आणि त्यातून किंचित गळणारा भागही वायफायच्या बारीक सिग्नलला भारी पडतो. माणसाला त्याचा काही त्रास नाही, घाबरू नका; पण टीव्ही आणि मायक्रोवेव्ह एका भिंतीच्या दोन बाजूंना असतील तर २.४ वर निर्धास्त राहता येत नाही. स्टिकचा रिमोट ब्लूटूथवर चालत असेल तर तोही याच पट्ट्यात येतो, त्यामुळे बटण दाबल्यावर प्रतिसाद उशिरा येण्यामागे कधीकधी हेच असतं.

खोक्यात वीतभरही नसलेली एचडीएमआयची वायर येते. पुष्कळ लोक ती तशीच खोक्यात ठेवून देतात, कारण स्टिक तिच्याशिवायही बसते. पण टीव्हीच्या पाठीमागे धातूचा पत्रा असतो आणि स्टिक त्याला चिकटून बसली की तिच्या अँटेनाला पुढून काही दिसतच नाही. मी फोन टीव्हीच्या पाठीशी धरून बघितला तर सिग्नल उणे ७५ डीबीएमच्या (सिग्नलची ताकद मोजायचं एकक) आसपास, कडेला बाहेर धरला तर उणे ६७. हा आकडा शून्याकडे जितका सरकेल तितका चांगला. उणे ६७ च्या आत असलं की व्हिडिओ निभतो. त्या छोट्या वायरीने स्टिक पाठीपासून सुटी झाली, थोडी बाजूला आली आणि उन्हाळ्यात गरमही कमी होते. तीच गोष्ट विजेची. टीव्हीच्या साध्या यूएसबीतून अर्धा अँपिअर मिळतो, स्टिकला जास्त लागतो. बसवायला आलेल्या मुलाने ती टीव्हीतच खोचून दिली होती, वायर कमी दिसावी म्हणून. मधेच बंद होऊन कंपनीचं चिन्ह दिसायला लागलं तर आधी सोबतचा अडॅप्टर भिंतीत लावा.

इतकं करून काम भागत होतं, पण मला आजीसाठी ‘भागणं’ पुरेसं वाटत नव्हतं. तिचं बाहेर जाणं जवळजवळ थांबलंय. सकाळचं कीर्तन, दुपारची जुनी नाटकं आणि संध्याकाळच्या मालिका हा तिच्या दिवसाचा कणा आहे, आणि चित्र अडकलं की ती कुणाला हाक न मारता टीव्ही बंद करून बसते. हे बघवत नव्हतं. शेजारच्या भाभींनी रिपीटर, म्हणजे वायफाय पकडून पुढे पाठवणारा डबा, लावला होता, तो दोन दिवस मागून आणला. एकाच पट्ट्यावर ऐकून त्याच पट्ट्यावर पुढे बोलणारा साधा रिपीटर निम्मा वेळ ऐकण्यात घालवतो, त्यामुळे काड्या पूर्ण दिसतात आणि स्पीड निम्म्यावर येतो. आमच्याकडे तर तो उभा करायला मधली जागाच नव्हती, कारण मधे चौक. मेश संच, म्हणजे घरभर ठेवून एकच नेटवर्क करणारे दोन-तीन डबे, त्याहून बरा, पण जाड भिंतींत त्याचे डबेही एकमेकांना हवेतूनच शोधतात.

शेवटी रावपुऱ्यातला एक वायरमन आणला. घर एकदा वरून खाली बघून तो एवढंच म्हणाला, “वायर ज नाखी दो ने, भाई,” म्हणजे वायरच टाकून घ्या ना. तोच इलाज ठरला. गॅलरीतल्या राउटरपासून चौकाच्या कडेने, पन्हळीच्या पाइपामागून कॅट ६ जातीची नेटवर्कची (इथरनेट) वायर खाली माजघरात आणली. इथरनेट वायर १०० मीटरपर्यंत चालते, आपल्या घरात त्याच्या पासंगालाही लागत नाही. वायर उघड्यावरून जाते म्हणून पीव्हीसी पट्टीत घातली, आणि भिंतीत शिरण्याआधी तिला खाली झोक दिला, म्हणजे पावसाचं पाणी वायरीवरून ओघळत आत येत नाही. वायर, पट्टी आणि मजुरी मिळून रिपीटरपेक्षा फार जास्त खर्च आला नाही.

खाली नवा राउटर घेतला नाही. कपाटात पडलेला जुना दोन पट्ट्यांचा राउटर ‘अॅक्सेस पॉइंट’ मोडमध्ये टाकला, म्हणजे तो वायरीतून आलेलं नेट फक्त वायफायवर देतो. ज्या राउटरमध्ये हा मोड नाही, त्यात तीन गोष्टी हाताने करायच्या: त्याचा स्वतःचा पत्ता बदलायचा, म्हणजे वरच्या राउटरशी टक्कर होत नाही; त्याचं डीएचसीपी, म्हणजे उपकरणांना नेटवर्कवरचे पत्ते वाटण्याचं काम, बंद करायचं, कारण घरात पत्ते वाटणारा एकच हवा; आणि वरून आलेली वायर वॅन (बाहेरचं नेट घेणाऱ्या) ऐवजी लॅन (घरातल्या उपकरणांच्या) पोर्टात घालायची. नाव आणि पासवर्ड दोन्हीकडे तेच ठेवले, चॅनेलं वेगळी: वर ३६, खाली १४९. फोन जिना उतरता उतरता आपोआप खालच्यावर येतो. स्टिक आता ५ च्या पट्ट्यावर, राउटरपासून दोन हातांवर आहे आणि मायक्रोवेव्हशी तिचं देणंघेणं उरलेलं नाही. स्टिकला थेट वायर लावणारा इथरनेट अडॅप्टरही मिळतो. त्यातले बरेच १०० एमबीपीएसचे असतात, पण तेवढा स्पीड भरपूर झाला: नेटफ्लिक्स फुल एचडीसाठी ५ आणि ४केसाठी १५ एमबीपीएस सुचवतं.

खालचा राउटर जमिनीवर ठेवला नाही, दाराच्या वरच्या फळीवर ठेवला. त्याला दोन कारणं. उंचावरून सिग्नल मोकळा पसरतो, आणि २०२४ च्या ऑगस्टमध्ये विश्वामित्री नदीचं पाणी शहरातल्या कितीतरी घरांच्या तळमजल्यांत शिरलं, ते आम्ही बडोदेकर विसरलेलो नाही.

पावसाळ्यात लाइट जाते, येते. लाइट आली की टीव्ही आणि स्टिक चटकन उठतात, फायबरचा डबा मात्र नेट पकडायला दोन-तीन मिनिटं घेतो. तेवढ्यात स्टिकने ‘नेटवर्क सापडत नाही’ म्हणून हात वर केलेले असतात आणि आजीला वाटतं बिघडलं. फायबरच्या डब्याला आणि वरच्या राउटरला १२ व्होल्टचा छोटा यूपीएस जोडला. घेताना आपल्या अडॅप्टरवर छापलेले व्होल्ट आणि अँपिअर वाचून घ्या. व्होल्ट तंतोतंत जुळायला हवेत, अँपिअर तेवढे किंवा जास्त. लाइट गेली तरी वरच्या मजल्यावर फोनला नेट चालू राहतं, बाबांच्या कामाला त्याचा वेगळाच फायदा झाला.

गणपतीत घर भरतं. पाहुण्यांसाठी वेगळं गेस्ट नेटवर्क सुरू केलं आणि पुण्याहून आलेल्या भाच्याला फोनमधले फोटो टीव्हीवर दाखवता येईनात. गेस्ट नेटवर्क मुख्य नेटवर्कपासून मुद्दाम तोडलेलं असतं, त्यामुळे त्यावरच्या फोनला टीव्ही दिसतच नाही. कास्ट करायचं, म्हणजे फोनवरचं टीव्हीवर दाखवायचं असेल तर फोन आणि स्टिक एकाच नेटवर्कवर हवेत. भाच्याला मुख्य नेटवर्कवर घेतलं आणि आजीने पणतीच्या बारशाचे फोटो मोठ्या पडद्यावर बघितले, पुन्हा पुन्हा मागे घ्यायला लावून.

मांजलपूरला मामांकडे वेगळाच प्रकार निघाला. नवा राउटर आला आणि त्यांची जुनी स्टिक जोडलीच जाईना, पासवर्ड बरोबर असूनही. राउटर फक्त डब्ल्यूपीए३ या वायफायच्या नव्या सुरक्षा पद्धतीवर होता. जुन्या उपकरणांना ती येत नाही. ‘डब्ल्यूपीए२/डब्ल्यूपीए३ मिश्र’ निवडल्यावर जोडली. आणि नेटवर्कचं नावच यादीत दिसत नसेल तर चॅनेल बघा: २.४ मध्ये १२ किंवा १३, ५ मध्ये ५२ ते १४४ यांपैकी एखादं असेल तर काही उपकरणं त्यांकडे बघतही नाहीत.

तक्रारी आहेत. मदत केंद्राला फोन लावला की काहीही विचारलं तरी ‘फॅक्टरी रीसेट करा’ हेच उत्तर, आणि रीसेट म्हणजे सगळी अॅप, सगळे पासवर्ड पुन्हा. नेटवर्क बिघडलं असेल तर रीसेटने काही साधत नाही; ते जुनं नेटवर्क ‘विसरा’ करून पुन्हा जोडणं बहुतेक वेळा पुरतं. होम स्क्रीनवर आपोआप वाजणाऱ्या जाहिराती म्हाताऱ्या माणसांना दचकवतात. सेटिंग्जमध्ये त्या बंद करता येतात, पण तो पर्याय इतका आत लपवायला नको होता. साठवणुकीची जागा थोडी आहे, अॅपांचा कॅशे (तात्पुरता साठा) अधूनमधून साफ करावा लागतो.

नेटवाला मधेच ३०० एमबीपीएसचा प्लॅन सुचवून गेला. घेतला नाही. १०० वर टीव्ही, बाबांचं काम आणि बहिणीचे ऑनलाइन क्लास एकाच वेळी चालतात. मागच्या खोलीत सिग्नल अजून अशक्त आहे, तिथे पुढचा पावसाळा सुरू होण्याआधी दुसरी वायर टाकायचं वायरमनशी बोललोय.