पोराचा फोन लागला, पण उचलला भलत्यानेच

देवगड तालुक्यातली एक वाडी, मे महिन्याची सुरुवात. घरून नालासोपाऱ्याला मुलाकडे पाच डझनांची हापूसची पेटी रात्रीच्या खासगी बसने गेलेली. सकाळी साडेदहाला आईने फोन लावला आणि पलीकडून काही ऐकू यायच्या आधीच विचारलं, "बाबू, पेटी गावली काय रे?" फोन पहिल्याच रिंगला उचलला गेला होता. बोलणारा मात्र अनोळखी. पोलीस ठाण्यातून बोलतोय, बाबू आमच्या ताब्यात आहे, नशेच्या मालाचं प्रकरण आहे, नोंद व्हायच्या आत मिटवायचं असेल तर ४५,००० रुपये आत्ता पाठवा. मागून कोणीतरी हुंदके देत "मम्मी, बचाओ" म्हणत होतं.

आईकडे बटणांचा फोन. ती शेजारच्या दुकानात धावली आणि दोन हप्त्यांत रक्कम यूपीआयने गेली. तिसऱ्या हप्त्यासाठी ३०,००० मागितले, तेव्हा दुकानातल्या पोराने मुलाच्या खोलीवरच्या जोडीदाराला फोन केला. बाबू तिथेच पंख्याखाली बसून कुरिअरची वाट बघत होता. त्याच्या फोनला चारही दांड्या रेंज होती, नेटही चालू होतं.

या प्रकारात घरच्यांना मूर्ख म्हणणारे भेटतात. त्यांनी एवढं लक्षात घ्यावं की फोन भामट्याने केलेला नव्हता. आईने स्वतः, रोजचा पाठ नंबर लावला होता. 'अनोळखी नंबरवर विश्वास ठेवू नका' हा सल्ला इथे तिच्या काहीच कामाचा नव्हता. मुलाचं नाव आणि नातंही भामट्याला तिच्या पहिल्या वाक्यातच मिळालं.

घोळ अर्ध्या तासापूर्वी नालासोपाऱ्यात झाला होता. बाबूला 'कुरिअर'चा फोन आला: तुमचं पार्सल आहे, पत्ता सापडत नाही, डिलिव्हरीवाल्याशी जोडून देतो, हा नंबर डायल करा. नंबर होता *२१*, पुढे दहा आकडी मोबाईल नंबर आणि शेवटी #. मे महिन्यात मुंबईतल्या कोकणी माणसाला पार्सलचं नाव काढलं की तो पेटीच समजतो, वेगळं काही सांगावं लागत नाही. बाबूने डायल केलं, पडद्यावर इंग्रजीत दोन ओळी आल्या, त्याने ओके दाबलं. तेव्हापासून त्याला येणारा प्रत्येक कॉल त्याचा फोन न वाजता परस्पर त्या दहा आकडी नंबरवर जायला लागला. याला कॉल फॉरवर्डिंग म्हणतात. ही सोय फोनमध्ये नसते, कंपनीच्या यंत्रणेत नोंदलेली असते. म्हणून फोन बंद केला, फ्लाइट मोडवर टाकला, सिम दुसऱ्या हँडसेटमध्ये घातलं, तरी ती चालूच राहते.

*४०१* ने सुरू होणारा कोडही याच कामाचा. *६१* उचलला नाही तर, *६७* फोन व्यस्त असेल तर आणि *६२* फोन नेटवर्कबाहेर असेल तर कॉल वळवतो. हे प्रकार वाढले म्हणून दूरसंचार विभागाने १५ एप्रिल २०२४ पासून कोड डायल करून होणारं फॉरवर्डिंग बंद ठेवायला कंपन्यांना सांगितलं होतं. त्या भरवशावर निर्धास्त राहू नका. फोन करून कुणी अनोळखी माणसाने सांगितलेला * किंवा # ने सुरू होणारा नंबर डायल करूच नये.

दुसरा एक प्रकार याच्या उलट चालतो. मुलाला सांगतात, "तुमचं सिम अपग्रेड होतंय, दोन तास फोन बंद ठेवा, नाहीतर नंबर कायमचा जाईल." मग गावी फोन जातो: "मुलाला अपघात झालाय, विश्वास नसेल तर त्याच्या नंबरवर लावून बघा." घरचे लावून बघतात, फोन बंद लागतो आणि तेवढ्यावर खात्री पटते. किनारपट्टीवर ही खात्री जरा लवकरच पटते, कारण फोन न लागणं आपल्याला नवीन नाही. म्हणून फोन न लागण्याचे प्रकार वेगळे ओळखता आले पाहिजेत.

फोन नीट बंद केला किंवा फ्लाइट मोडवर टाकला, तर बंद होता होता तो नेटवर्कला 'मी चाललो' असा निरोप देतो. कंपनीच्या नोंदीत तो लगेच गैरहजर लागतो आणि फोन करणाऱ्याला बहुधा 'बंद आहे' ऐकू येतं. कोकण रेल्वेची गाडी करबुड्याच्या साडेसहा किलोमीटरच्या बोगद्यात शिरली, ट्रॉलर किनाऱ्यापासून लांब गेला किंवा बॅटरी निखळून पडली, तर निरोप द्यायला सवड मिळत नाही. नेटवर्क शेवटच्या ठिकाणच्या टॉवरवरून त्याला हाका मारतं, उत्तर येत नाही, मग 'संपर्क क्षेत्राबाहेर आहे' ऐकू येतं. बराच वेळ हजेरी आली नाही की यंत्रणा स्वतःच त्याला गैरहजर लावते आणि वाक्य बदलू शकतं. म्हणजे सकाळी 'क्षेत्राबाहेर' आणि दुपारी 'बंद' ऐकलं, याचा अर्थ मधे कोणी फोन हिसकावून बंद केला असा होत नाही. वादळात वीज गेली आणि टॉवरच्या बॅटऱ्या उतरल्या की गावच्या गाव क्षेत्राबाहेर लागतं; ३ जून २०२० च्या निसर्ग वादळानंतर श्रीवर्धन-दिवेआगर पट्ट्याने ते भोगलंय.

'इनकमिंग सेवा बंद आहे' म्हणजे बहुतेक वेळा रिचार्ज संपून बरेच दिवस झालेत. 'हा क्रमांक अस्तित्वात नाही' ऐकलं तर आधी आकडे मोजा; दहाच्या दहा बरोबर असतील तर नंबर कंपनीकडे परत गेलाय. असा सोडलेला नंबर ९० दिवसांनंतर दुसऱ्याला दिला जाऊ शकतो, त्यामुळे जुन्या वहीतल्या नंबरवर परका माणूस बोलला तर तो भामटाच असेल असं नाही.

व्हॉट्सॲपच्या खुणांवर लोक फार विसंबतात. एक टिक म्हणजे निरोप पोचलेला नाही: फोन बंद असेल, नेट बंद असेल किंवा त्याने तुम्हाला ब्लॉक केलं असेल. दोन टिक म्हणजे त्याच्या फोनवर किंवा त्याला जोडलेल्या संगणकावर निरोप पोचला. खोलीवरच्या वायफायवर असलेल्या फोनला सिमची रेंज नसली तरी दोन टिक येतातच.

साध्या एसएमएसची गोष्ट वेगळी. वर सांगितलेल्या फॉरवर्डिंगमध्ये कॉल वळतो, एसएमएस वळत नाही. त्या सकाळी कोणी बाबूला साधा मेसेज टाकला असता तर तो त्याच्याच हातातल्या फोनवर पडला असता. मेसेजमध्ये 'कुठे आहेस' विचारत बसू नका. 'ताबडतोब तूच मला फोन कर' एवढंच लिहा. वळवलेल्या नंबरवरून बाहेर जाणारे कॉल व्यवस्थित लागतात, त्यामुळे तो स्वतः फोन करेल आणि आवाज तुम्ही ओळखाल.

मेसेज पाठवण्याआधी डिलिव्हरी रिपोर्ट चालू करा. बटणांच्या फोनमध्ये तो मेसेज सेटिंगमध्येच असतो; अँड्रॉइडच्या मेसेजेस ॲपमध्ये सेटिंग्ज, मग प्रगत, तिथे एसएमएस डिलिव्हरी रिपोर्ट. समोरचं सिम नेटवर्कवर असेल तर पोचपावती बहुधा काही सेकंदांत येते. फोन बंद असेल तर मेसेज कंपनीकडे पडून राहतो आणि फोन चालू झाल्यावर जातो. पावती तेव्हा येते आणि फोन कधी नेटवर्कवर आला तेही तिच्यावरून कळतं. पावती आली तर ते सिम कुठल्या तरी फोनमध्ये चालू आहे हे नक्की. नाही आली तर त्यावरून काहीच ठरवू नका, दुसऱ्या कंपनीच्या नंबरची पावती कधीकधी येतच नाही.

मेसेजच्या जोडीने एका माणसाला फोन करायचा: जो त्याला डोळ्यांनी बघू शकतो असा. खोलीवरचा जोडीदार, चाळीतले शेजारी, कामावरचा मुकादम. मासेमारीला गेलेल्यासाठी सोसायटी किंवा त्याच सुमाराला निघालेल्या दुसऱ्या बोटीचा मालक; बोटींचं आपसात वायरलेसवर बोलणं चालू असतं. हे दोन-तीन नंबर कागदावर लिहून फोनजवळ भिंतीला लावलेले बरे, कारण ऐन वेळी फोनमध्ये शोधणं होत नाही. दुकानात घाईघाईने पैसे पाठवायला आलेल्या मावशीला हा फोन लावून देणं हे दुकानदाराचं काम आहे असं आमचं स्पष्ट मत आहे, मग मागे कितीही गिऱ्हाईक खोळंबलेलं असो. घरात बाबू आईला "आये" म्हणतो आणि फोनवरचा रडणारा "मम्मी" म्हणतोय, हे तिच्या लक्षात आलं ते पैसे गेल्यावर.

मुलाच्या बाजूने तपासणी अर्ध्या मिनिटाची आहे. *#२१# डायल करायचं. व्हॉइससमोर अनोळखी नंबर दिसला की कॉल वळवलेले आहेत. ##००२# ने सगळी फॉरवर्डिंग रद्द होतात. न झाल्यास फोनच्या कॉल सेटिंगमधून किंवा १९८ वर कंपनीला सांगून. *#६२# तपासताना मात्र दचकू नका, तिथे कंपनीने मिस्ड कॉल अलर्टसाठी ठेवलेला नंबर आधीपासून असू शकतो. ##००२# केल्यावर ती सोयही जाते, ती नंतर पुन्हा लावून घ्यावी लागते.

तुमच्याच फोनची रेंज गेली तर 'पाऊस आहे, जाणारच' म्हणून खिशात ठेवू नका. फोन बंद करून चालू करा आणि त्याच कंपनीचं सिम असलेल्या शेजाऱ्याची रेंज बघा. त्याला आहे आणि तुम्हाला पंधरा मिनिटांनीही नाही, तर भामट्याने तुमच्याच नंबरचं दुसरं सिम काढलेलं असू शकतं, म्हणजे बँकेचे ओटीपी त्याच्याकडे जातील. दुसऱ्याच्या फोनवरून आधी बँकेला सांगून खातं आणि यूपीआय थांबवा, मग सिमकंपनीला. नवं सिम चालू झाल्यावर पहिले २४ तास एसएमएस बंद ठेवण्याचा नियम आहे, तेवढीच उसंत तुमच्या हातात असते. १ जुलै २०२४ पासून सिम बदलल्यावर सात दिवस नंबर दुसऱ्या कंपनीत नेता येत नाही, तेही याच चोरीमुळे.

पैसे गेले असतील तर १९३० वर लगेच फोन. तिथे व्यवहाराचा १२ आकडी यूटीआर नंबर, रक्कम, वेळ आणि ज्या खात्यातून पैसे गेले त्याचा तपशील विचारतात. दुकानदाराच्या खात्यातून गेले असतील तर तो सोबत हवा. इथे बराच वेळ वाया जातो, कारण आई घरी परतलेली असते आणि यूटीआर दुकानदाराच्या फोनमध्ये राहिलेला असतो. पैसे पुढच्या खात्यात सरकायच्या आत अडवले तरच हाती लागतात.

आणि कॉल वळवलेले असताना व्हॉट्सॲपही गेलं का, ते बघा. त्याचा सहा आकडी कोड एसएमएसऐवजी कॉलवरही मागवता येतो. तो कॉल भामट्याकडे वळतो आणि खातं त्याच्या फोनवर उघडतं. मग वाडीच्या ग्रुपवर मुलाच्याच फोटोखालून 'अर्जंट पाच हजार पाठव' सुरू होतं. आधी ##००२#, मगच व्हॉट्सॲपची पुन्हा नोंदणी, आणि कोड एसएमएसनेच मागवायचा. तो टाकला की भामटा बाहेर पडतो. त्याने मधल्या वेळात स्वतःचा पिन लावून ठेवला असेल तर मात्र तुम्हालाही सात दिवस थांबावं लागतं. तोवर नातेवाइकांना सांगायला साधा फोन आणि एसएमएस आहेच.