समसंबंधांची कार्डपेटी : शाळा सुरू झाल्यापासून दिवाळीपर्यंत वापरून

जूनमध्ये कोल्हापुरात महाद्वार रोडवरून ही पेटी घेतली. मुलगी तिसरीत, भाचा चौथीत. दोघांच्या हातून पेटी चांगली घासून निघालीय. तक्रारीही आहेत, म्हणून प्रकाशकाचं नाव देत नाही.

समसंबंध म्हणजे पहिल्या जोडीत जे नातं, तेच दुसऱ्या जोडीत शोधायचं. कार्डावर 'गाय : वासरू :: म्हैस : ?' अशी जोडी, खाली चार पर्याय, मागे उत्तर. पुठ्ठा जाड, अक्षर ठळक. रंकाळ्यावर भेळेचे हात लागले तरी पुसून निघतं.

रेडकू, करडू, शिंगरू एकदा तोंडात बसले की पोरं फडाफडा उत्तरं देतात आणि आपल्याला वाटतं, जमलं. मग 'पक्षी : घरटे :: मधमाशी : ?' आलं. मुलीनं ठणकावून सांगितलं, "मध!" मधमाशी म्हटलं की मध, विषय संपला. तेव्हापासून घरात नियम केला : पर्याय हातानं झाकायचे आणि आधी पहिल्या जोडीचं वाक्य करायचं. "पक्षी घरट्यात राहतो." आता त्याच वाक्यात मधमाशी घाल. "मधमाशी मधात राहते..." एवढं म्हणून ती स्वतःच खुदकन हसली. "पोळं!"

उलट्या क्रमाच्या कार्डांनाही हाच उपाय. 'रेडकू : म्हैस :: करडू : ?' यात पर्यायांमध्ये कोकरू मुद्दाम पेरलंय, आणि घाईत पोरं त्यालाच धरतात. "रेडकू हे म्हशीचं पिल्लू" म्हटलं की शेळी आपोआप येते. सोबतच्या सूचनापत्रकात या युक्तीचा पत्ताच नाही. खेळाचे गुण कसे मोजायचे, ते मात्र पानभर.

काही कार्डं ढिसाळ आहेत. 'डॉक्टर : दवाखाना :: शिक्षक : ?' याला शाळा आणि वर्ग असे दोन्ही पर्याय. "वर्गातच शिकवतात की, मग चुकलं कुठं?" असं म्हणत भाचा भांडायला उठला. मला तरी त्याचं पटलं.

'एस्किमो : इग्लू'सारख्या जोड्यांवर दोघंही गप्प. संबंध सोपाच, पण वस्तूच कधी पाहिलेली नाही. उषा गोस्वामी आणि अ‍ॅन ब्राउन या अभ्यासकांनी १९९० मध्ये लहान मुलांना असंच चित्रांतून विचारलं होतं : पक्ष्याचं घरटं, तर कुत्र्याचं काय? पर्यायांत हाडूकही होतं. तरी चार-पाच वर्षांची पोरंही बऱ्याचदा बरोबर कुत्र्याच्या घराकडे वळली, कारण तो संबंध त्यांच्या ओळखीचा होता.

मग आम्ही इकडचीच कार्डं करायला घेतली. 'इचलकरंजी : कापड :: हुपरी : ?' याला चांदी लगेच आली. 'राधानगरी : भोगावती :: काळम्मावाडी : ?' याला भाचा अडला, पण "राधानगरी धरण भोगावतीवर" हे वाक्य म्हटल्यावर दूधगंगा सापडली. आबांना तर नादच लागलाय. जेवताना मध्येच, "पैलवानाचा आखाडा, तसं गुळव्याचं काय गं?"

"गुऱ्हाळ!"

"व्हय, आणि कुंभाराचं?"

तिथं भाकरी निवते.

शिष्यवृत्तीसाठी घेत असाल तर थांबा. बुद्धिमत्ता चाचणीत संख्यांचे आणि आकृत्यांचेही समसंबंध येतात. '४ : १६ :: ७ :?' असलं यात एकही कार्ड नाही. दुसरी ते चौथीच्या पोरांना शब्दांसाठी मात्र जरूर घ्या, पैसे वाया जात नाहीत. पेटीत थोडी कोरी कार्डं घातली असती तर बरं झालं असतं. आम्ही जुन्या लग्नपत्रिका कापून वापरतोय.